वर्गाच्या फरशीवरची दोन कासवे : निकोला फिलिबेर यांचे माहितीपट कसे पाहावेत

पडद्यावर आधी बर्फाचे वादळ दिसते. डोंगराळ भागातील एका कुरणात काही माणसे बर्फाचा मारा सोसत गुरे हाकत आहेत. मग दृश्य बदलते आणि आपण एका शाळेच्या रिकाम्या वर्गात येतो. वर्गात कोणीही नाही, घंटा नाही, कोणाचा आवाज नाही. क्षणभर वाटते की चित्रपट थांबला असावा. तेवढ्यात लक्षात येते की खाली फरशीवर काहीतरी हलते आहे. ती दोन कासवे आहेत. एक पाय पुढे, थोडी विश्रांती, पुन्हा एक पाय पुढे अशा चालीने ती निवांतपणे वर्ग ओलांडत आहेत, आणि कॅमेऱ्यालाही त्यांच्याइतकीच घाई नाही.

निकोला फिलिबेर या फ्रेंच दिग्दर्शकाच्या २००२ सालच्या ‘एत्र ए आव्वार’ या माहितीपटाची ही सुरुवात आहे. या दोन-तीन मिनिटांत आपल्याला माहिती म्हणावी असे काहीच मिळालेले नसते. गावाचे नाव, शाळेतील मुलांची संख्या, शिक्षकांचा अनुभव यांपैकी एकही गोष्ट कोणी सांगितलेली नसते. तरीही बाहेरची कडाक्याची थंडी, आतली ऊब आणि आपापल्या गतीने पुढे सरकणारे जीव या तीन गोष्टी मनात उतरलेल्या असतात, आणि पुढचा सगळा चित्रपट याच तीन गोष्टींवर उभा आहे. अर्थात हा मी लावलेला अर्थ झाला. दुसऱ्या प्रेक्षकाला त्या कासवांत निव्वळ कासवे दिसतील आणि तेही बरोबरच असेल, कारण दिग्दर्शकाने कोणत्याही एका अर्थावर बोट ठेवलेले नाही.

अशा माहितीपटांना निरीक्षणात्मक माहितीपट म्हणतात, आणि फिलिबेर यांच्याविषयी लिहिताना ‘काव्यात्म’ हे विशेषण हमखास वापरले जाते. ज्या चित्रपटात निवेदन नाही, कथानक नाही आणि एखादा मुलगा हात धुतो आहे यापलीकडे फारसे काही घडतही नाही, त्यात काव्य नेमके कुठून येते, हे सोपे करून सांगण्याचा प्रयत्न या लेखात केला आहे. असे चित्रपट कंटाळवाणे असतात असे म्हणून अर्ध्यावर उठणारी अनेक माणसे मी पाहिली आहेत. बहुतेकांच्या बाबतीत अडचण आवडीची नसते. हे चित्रपट पाहावेत कसे, एवढेच त्यांना कोणी सांगितलेले नसते.

याचे एक कारण आपल्या कानांना लागलेली सवय हे आहे. भारतात कित्येक पिढ्यांनी माहितीपट पाहिला तो चित्रपटगृहात, मुख्य चित्रपटाच्या आधी. १९४८ साली मुंबईत स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे वृत्तपट आणि अनुबोधपट चित्रपटगृहांना दाखवावेच लागत, आणि ते मराठीसह अनेक भाषांतील निवेदनासह येत. धरण, शेती, लसीकरण, नृत्य, विषय कोणताही असो, एक खणखणीत आवाज आपल्याला काय दिसते आहे ते सांगत असे. त्या निवेदनाला मी कमी लेखत नाही. ज्या देशात बहुसंख्य लोकांना वाचता येत नव्हते, तिथे त्याची गरज होती. पण त्यामुळे चित्र हे सांगितलेल्या गोष्टीचा पुरावा आहे, अशी एक समजूत आपल्या मनात घट्ट बसली. आवाज पुढे चालायचा आणि चित्र त्याच्या मागून. निरीक्षणात्मक माहितीपटात हा आवाज काढून टाकलेला असतो, आणि मग चित्राकडे नेमके कशासाठी पाहायचे हेच पहिली काही मिनिटे आपल्याला कळत नाही.

निवेदनाला पूर्वी तांत्रिक कारणही होते. १९६० पर्यंत चित्रीकरणाचे कॅमेरे जड होते, त्यांचा खडखडाट मोठा असे आणि चालत्याबोलत्या माणसाचा आवाज चित्राशी जुळवून जागेवरच मुद्रित करणे अतिशय कठीण होते. साहजिकच चित्र आधी टिपायचे आणि त्यावर आवाज नंतर चढवायचा, हा सोयीचा मार्ग होता. त्या सुमारास खांद्यावर घेता येणारे १६ मिलिमीटरचे कॅमेरे आणि कॅमेऱ्याच्या गतीशी जुळून चालणारी, सहज वाहून नेता येणारी ध्वनिमुद्रण यंत्रे आली. दोन-तीन माणसांचा चमू आता कोणाच्याही स्वयंपाकघरात, गाडीत किंवा वर्गात जाऊ शकत होता. अमेरिकेत रॉबर्ट ड्र्यू हे माहितीपटकार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० साली, राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठी विस्कॉन्सिन राज्यात चाललेल्या केनेडी आणि हम्फ्री यांच्या प्रचारामागे याच साधनांनिशी धाव घेतली. त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात फ्रान्समध्ये दिग्दर्शक झाँ रूश आणि समाजशास्त्रज्ञ एदगार मोराँ पॅरिसच्या रस्त्यांवर माणसांना सुखाविषयी प्रश्न विचारत होते. पहिल्या गटाला वाटे की कॅमेरा असून नसल्यासारखा राहिला पाहिजे. रूश यांची धारणा उलट होती. कॅमेरा समोर आहे म्हणूनच माणूस एरवी न बोलणारे काही बोलून जातो, असे ते मानत. फिलिबेर या दोघांच्या मध्ये कुठेतरी उभे आहेत. ते कॅमेरा लपवत नाहीत आणि त्याने कोणाला डिवचतही नाहीत. माणसांना त्याची सवय होईपर्यंत ते थांबतात.

नुसते पाहत राहण्याची ही ओढ साधनांपेक्षा जुनी आहे, हे सांगायला मला आपल्याकडचेच एक उदाहरण आठवते. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, १९१२ च्या सुमारास, कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी चित्रित करून एक छोटा चित्रपट केला होता. भांडवलासाठी लोकांची खात्री पटवणे हा त्यामागचा व्यावहारिक हेतू होता. तरीही एका रोपासमोर दिवसामागून दिवस कॅमेरा लावून बसणाऱ्या त्या माणसात आणि कासवांसमोर थांबलेल्या फिलिबेर यांच्यात मला नाते दिसते.

फिलिबेर यांचा जन्म १९५१ चा, नाँसी या शहरातला; ते वाढले ग्रनोब्लमध्ये. वडील तत्त्वज्ञान शिकवत आणि चित्रपटांवर व्याख्यानेही देत. स्वतः निकोला यांनीही तत्त्वज्ञानाचाच अभ्यास केला आणि मग रने आलियो या दिग्दर्शकाकडे सहायक म्हणून उमेदवारी केली. १९७८ साली झेरार मोर्दिया यांच्यासह त्यांनी मोठ्या कंपन्यांच्या बारा प्रमुखांना कॅमेऱ्यासमोर बोलते केले. त्यांची स्वतःची म्हणावी अशी वाट मात्र १९९० च्या ‘ला व्हिल लूव्र’ या चित्रपटापासून दिसू लागते. त्यात पॅरिसचे लूव्र हे जगप्रसिद्ध संग्रहालय आहे, पण प्रेक्षकांनी भरलेले नाही. नव्या मांडणीसाठी तिथे प्रचंड चित्रे हलवली जात आहेत, कर्मचारी गणवेश घालून बघत आहेत, कोणी झाडलोट करते आहे. कलाकृतींची माहिती देणारे निवेदन कुठेच नाही, आणि चित्रपट संपेपर्यंत आपण त्या इमारतीकडे एका गावाकडे पाहावे तसे पाहू लागलेलो असतो.

त्यांच्या कामाच्या पद्धतीतील मला सर्वांत महत्त्वाची वाटणारी गोष्ट म्हणजे ते विषयाची फार तयारी करून जात नाहीत. आपण जितके कमी जाणून सुरुवात करू तितके बरे, असे ते मुलाखतींतून अनेकदा सांगत आले आहेत. हा आळस नाही. ज्याला विषयाची पूर्ण माहिती असते, तो जागेवर पोहोचल्यावर आपल्या माहितीची उदाहरणे शोधत फिरतो. त्याला हवे ते सापडते आणि नको ते त्याच्या डोळ्यांतून निसटते. ज्याला माहीत नसते त्याला पाहावेच लागते. निवेदनाच्या माहितीपटात दिग्दर्शकाला आधीच कळलेले असते आणि तो प्रेक्षकाला समजावतो. इथे दिग्दर्शक आणि प्रेक्षक दोघेही साधारण एकाच वेळी समजत जातात. ‘काव्यात्म’ या शब्दाखाली आपण जे काही कोंबतो, त्याचे मूळ माझ्या मते याच जागी आहे: पाहण्याच्या आधी ओळख करून द्यायची नाही.

हे त्यांच्या मनोरुग्णांवरील चित्रपटांत फार स्पष्ट दिसते. फ्रान्समध्ये ला बोर्द नावाचे एक मनोरुग्णालय आहे. झाँ उरी या मानसोपचारतज्ज्ञांनी ते १९५३ साली सुरू केले. तिथे दर उन्हाळ्यात रुग्ण आणि कर्मचारी मिळून एक नाटक बसवत असत. १९९५ च्या उन्हाळ्यात त्यांनी पोलिश लेखक गोम्ब्रोविच यांचे एक नाटक घेतले आणि त्या तालमी फिलिबेर यांनी टिपल्या. चित्रपटात कोणाच्याही नावाखाली ‘रुग्ण’ किंवा ‘परिचारक’ अशी पाटी येत नाही, आणि तिथले कर्मचारी पांढरे डगलेही घालत नाहीत. आपण पहिल्या काही मिनिटांत अगदी न कळत माणसांची वर्गवारी करू लागतो: हा चालतो आहे तो बहुधा रुग्ण, ही फोनवर बोलते आहे ती बहुधा कर्मचारी. थोड्या वेळाने आपला एखादा अंदाज साफ चुकतो, आणि तो चुकला की आपण वर्गवारी सोडून त्या माणसाचे ऐकू लागतो. पाटी लावली असती तर ही चूक झाली नसती आणि पुढचे ऐकणेही झाले नसते. पॅरिसमध्ये सीन नदीवर तरंगणाऱ्या एका दिवसभराच्या उपचारकेंद्रावर त्यांनी केलेल्या ‘स्युर लादामाँ’ या चित्रपटातही हेच आहे. तिथे येणारी माणसे चित्रे काढतात, गातात, आठवड्याच्या बैठकीत बोलतात आणि केंद्रातल्या छोट्या कॅफेचा हिशोब मांडतात. त्या चित्रपटाला २०२३ साली बर्लिन महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन बेअर, मिळाला.

कवितेत शब्द जसे नेहमीच्या जागेवरून थोडे सरकवले की नवे दिसू लागतात, तसे चित्रपटात चित्र आणि आवाज यांचे करता येते. २०१० चा ‘नेनेत’ हा सत्तर मिनिटांचा चित्रपट याचे अत्यंत सोपे आणि नितळ उदाहरण आहे. नेनेत ही पॅरिसच्या जुन्या प्राणिसंग्रहालयात १९७२ पासून राहणारी, मूळची बोर्निओची ओरांगउटान मादी आहे, आणि चित्रीकरणाच्या वेळी ती चाळीस वर्षांची होती. पडद्यावर आपल्याला जवळजवळ पूर्ण वेळ ती आणि तिचे सोबती दिसतात. आवाज मात्र येतात ते काचेच्या अलीकडून, पाहायला आलेल्या लोकांचे आणि तिची देखभाल करणाऱ्यांचे, आणि ते लोक दिसत नाहीत. फार तर काचेवर त्यांची पुसट प्रतिबिंबे हलतात. लोक तिच्याविषयी अंदाज बांधतात: ती उदास आहे, ती कंटाळली आहे, ती म्हातारी झाली आहे. ती काहीच बोलत नाही. हळूहळू कळू लागते की काचेपलीकडच्या त्या शांत चेहऱ्यावर प्रत्येक जण आपलेच काहीतरी लिहून जातो आहे. हे कुठेही सांगितलेले नाही, आणि सांगितले असते तर ते एक सामान्य विधान झाले असते. माणसे ऐकायची आणि प्राणी पाहायचा, एवढ्या एका निवडीतून ते घडते.

त्याच्या उलट टोकाचा प्रश्न ‘ल पेई दे सूर’ या १९९२ च्या चित्रपटात उभा राहिला होता. हा चित्रपट जन्मतः किंवा लहानपणापासून ऐकू न येणाऱ्या माणसांविषयी आहे आणि त्यातील बराचसा संवाद खुणांच्या भाषेत होतो. त्याच्या सुरुवातीला चार माणसे एखाद्या गायनवृंदासारखी उभी राहून हातांनी एक ‘गीत’ सादर करतात. चित्रीकरणाच्या दृष्टीने इथे एक खरी अडचण येते. ऐकू येणारा माणूस बोलत असताना संकलक खुशाल दुसरे काहीतरी दाखवू शकतो, कारण शब्द कानांवर पडतच राहतात. खुणांनी बोलणाऱ्या माणसावरून कॅमेरा हलवला तर त्याचे वाक्यच तुटते. चेहऱ्याचा क्लोज-अप घेतला तर हात चौकटीबाहेर जातात, म्हणजे अर्धे बोलणे बाहेर जाते. त्यामुळे चौकट रुंद ठेवावी लागते, शॉट लांब ठेवावा लागतो आणि बोलणाऱ्याचे पूर्ण होईपर्यंत थांबावे लागते. अशा चित्रपटांतील लांब शॉट हा अनेकांना दिग्दर्शकाचा शौक वाटतो. इथे तो शिष्टाचार आहे, समोरच्याचे बोलणे मध्येच न तोडण्याचा, आणि माझा असा समज आहे की फिलिबेर तो इथे शिकले आणि पुढे आवाजाने बोलणाऱ्या माणसांच्या बाबतीतही त्यांनी तो सोडला नाही.

आता पुन्हा शाळेकडे येऊ, कारण इतके सगळे सांगण्याचे निमित्त तीच आहे.

‘एत्र ए आव्वार’ या शीर्षकात फ्रेंच भाषेतील दोन क्रियापदे आहेत. पहिल्याचा अर्थ असणे, दुसऱ्याचा अर्थ जवळ असणे. फ्रेंच मुले सर्वांत आधी जी क्रियापदे चालवायला शिकतात, त्यांत ही दोन असतात. मराठीला दुसऱ्या अर्थासाठी वेगळे क्रियापदच नाही. ‘मी आहे’ आणि ‘माझ्याकडे पेन आहे’ ही दोन्ही वाक्ये आपण एकाच क्रियापदावर चालवतो, त्यामुळे या शीर्षकाचे भाषांतर करायला बसलो की आपली भाषा नम्रपणे नकार देते. मला ते आवडते.

शाळा आहे ओव्हेर्न या डोंगराळ प्रदेशातील सँत-एतिएन-स्युर-उसों या लहानशा गावात. आपण जिला एकशिक्षकी शाळा म्हणतो, तशीच ती आहे: साधारण चार वर्षांपासून अकरा वर्षांपर्यंतची बारा-तेरा मुले एकाच खोलीत आणि एकच शिक्षक, झोर्झ लोपेझ. ते निवृत्तीच्या उंबरठ्यावर आहेत. धाकट्यांना अक्षर गिरवायला देऊन ते मोठ्यांना शुद्धलेखन घालतात आणि तेवढ्यात तिसरीकडचे भांडण सोडवतात. महाराष्ट्रातील वाडीवस्तीवरच्या शाळेत जो शिकला किंवा ज्याने शिकवले आहे, त्याला ही कसरत वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. ही शाळा फिलिबेर यांना सहज सापडलेली नव्हती. त्यासाठी त्यांनी तीनशेहून अधिक शाळांची चौकशी केली होती. त्यांना मुले मोजकी हवी होती, म्हणजे प्रेक्षक प्रत्येकाला ओळखू शकेल. वयाचा पल्ला मोठा हवा होता. आणि वर्गात भरपूर उजेड हवा होता, म्हणजे वेगळे दिवे लावून मुलांना बुजवावे लागणार नाही. काव्य म्हटले की आपण अंतःप्रेरणेचा विचार करतो, पण खिडक्यांची दिशा पाहून शाळा निवडणे हाही त्याचाच भाग आहे.

डिसेंबर २००० ते जून २००१ या काळात एकूण सुमारे दहा आठवडे चित्रीकरण झाले. साठ तासांच्या आसपास चित्रफीत जमली आणि तिच्यातून १०४ मिनिटांचा चित्रपट तयार झाला, म्हणजे टिपलेल्या दर पस्तीस मिनिटांमागे एक मिनिट ठेवले गेले. कॅमेरा नुसता चालू ठेवला की असा चित्रपट होतो, असे ज्यांना वाटते त्यांनी हा हिशोब ध्यानात ठेवावा. संकलन स्वतः फिलिबेर यांनीच केले आणि २००३ साली त्याच संकलनाला फ्रान्सचा सेझार हा चित्रपट पुरस्कार मिळाला.

काय ठेवले आणि ते कसे ठेवले, हे एका प्रसंगावरून सांगतो. सगळ्यांत खोडकर असा एक चिमुकला मुलगा आहे. त्याच्या हातांना आणि तोंडाला रंग लागलेला असतो. शिक्षक त्याच्याशी आकड्यांविषयी बोलू लागतात. किती आकडे असतात? कुठपर्यंत मोजता येते? मुलगा एक मोठा आकडा सांगतो आणि आता संपले अशा खात्रीने थांबतो. शिक्षक शांतपणे विचारतात, त्याच्या पुढे जाता येईल का? मुलगा आणखी मोठा आकडा काढतो. पुन्हा तोच प्रश्न. शेकडा, हजार, दशलक्ष असे करत करत मुलाच्या चेहऱ्यावर हळूहळू एक भाव उमटतो, आणि त्यासाठीच हा शॉट तोडलेला नाही: आपण ज्या पायरीवर उभे आहोत, तिच्याखाली आणखी पायऱ्या आहेत आणि त्यांना शेवट नाही, हे त्याला पहिल्यांदाच जाणवत असते. ‘अनंत’ ही कल्पना एखाद्या मुलाला कशी कळते, यावर भाष्य करणारा तज्ज्ञ इथे आणता आला असता. त्याऐवजी आपण ती कळताना पाहतो. हा प्रसंग तीस सेकंदांवर कापला असता तर तो एका गोड मुलाचा विनोद राहिला असता. जेवढा वेळ मुलाला लागला जवळपास तेवढाच वेळ प्रेक्षकालाही लागू देणे, हेच या पद्धतीत यमकाचे आणि छंदाचे काम करते.

दुसरा प्रसंग एका शेतकऱ्याच्या घरातला आहे. अकरा वर्षांच्या आसपासचा एक मुलगा गृहपाठाचा गुणाकार घेऊन स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसला आहे. याच मुलाला आपण शेतात जाणत्या माणसासारखे काम करताना पाहिलेले असते. आई शेजारी बसून एकेक अंक तपासते, चिडते, एक हलकी चापटही देते. मग घरातले दुसरे कोणी डोकावते, मग तिसरे, आणि बघता बघता सगळे कुटुंब त्या एका गुणाकाराभोवती गोळा होते. बरोबर उत्तराबद्दल कोणाचीच खात्री नसते. आधी हसू येते. प्रसंग लांबत जातो तसे हसू विरते आणि लक्षात येते की दिवसभर गुरांमागे राबलेली ही माणसे आपल्या मुलाच्या वहीपाशी थकूनही बसली आहेत. ग्रामीण भागातील शिक्षण, पालकांचा सहभाग, पहिल्या पिढीचे शिकणे यांवर अहवाल लिहिले जातात आणि लिहिले जावेतच. त्या अहवालांतील एखादे वाक्य प्रत्यक्षात कसे दिसते, ते या टेबलाशी कळते.

तिसऱ्या प्रसंगाबद्दल मी नेहमी थोडा अस्वस्थ होतो. एका मोठ्या मुलाचे वडील गंभीर आजारी आहेत. शाळेबाहेर बसून शिक्षक त्याच्याशी वडिलांच्या शस्त्रक्रियेविषयी बोलतात. मुलाचा चेहरा आवळत जातो आणि त्याला रडू कोसळते. शिक्षक आवाज चढवत नाहीत, खोटा दिलासा देत नाहीत. आजारपण हाही आयुष्याचा भाग आहे, असे काहीसे ते त्याला सांगतात. कॅमेरा नजर हटवत नाही. हे पाहताना दोन गोष्टी एकदमच मनात येतात. या मुलाशी इतक्या आदराने बोललेले मी क्वचितच कुठे पाहिले आहे, ही एक. आणि हे पाहण्याचा मला काय अधिकार आहे, ही दुसरी. चित्रपट या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर देत नाही.

पद्धतीच्या शुद्धतेचा आग्रह धरणाऱ्यांनी इथे हेही लक्षात घ्यावे की फिलिबेर नियमांचे गुलाम नाहीत. या चित्रपटात फिलिप एर्साँ यांचे पार्श्वसंगीत आहे, आणि एका ठिकाणी शिक्षकांची चक्क मुलाखत आहे. त्यात ते आपले वडील स्पेनमधून आलेले शेतमजूर होते, आपल्याला लहानपणापासूनच शिक्षक व्हायचे होते, असे सांगतात. कडक नियमांच्या निरीक्षणात्मक माहितीपटात या दोन्ही गोष्टी बसत नाहीत. मला त्या खटकत नाहीत, कारण मुलाखत येते तोवर आपण त्या माणसाला पुष्कळ वेळ पाहिलेले असते. ओळख पाहण्याच्या नंतर आली आहे, आणि म्हणून ती ओळख लक्षात राहते.

पुढे जे घडले ते या पद्धतीविषयी बोलताना वगळणे अप्रामाणिकपणाचे होईल. फ्रान्समध्ये या साध्या चित्रपटाची १८ लाखांच्या आसपास तिकिटे विकली गेली. माहितीपटाच्या बाबतीत ही संख्या अनपेक्षित होती. त्यानंतर लोपेझ यांनी दिग्दर्शक आणि निर्मात्यांवर दावा दाखल केला. आपली शिकवण्याची रीत ही आपली निर्मिती आहे, पडद्यावर आपण कलावंतासारखे वावरलो आहोत, म्हणून उत्पन्नात आपला वाटा हवा, असे त्यांचे म्हणणे होते. २००४ साली पॅरिसच्या न्यायालयाने तो दावा फेटाळला, आणि २००८ साली फ्रान्समधील अपिलाच्या सर्वोच्च न्यायालयातही तोच निकाल कायम राहिला. ते भूमिका करत नव्हते, आपले रोजचे काम करत होते, म्हणून त्यांना कायद्याने कलावंत म्हणता येत नाही, अशी न्यायालयाची भूमिका होती. माहितीपट करणाऱ्या अनेकांना हायसे वाटले, कारण पडद्यावर दिसणाऱ्याला उत्पन्नात हक्क दिला तर रोजचे जगणे लगेचच नोकरीसारखे होऊन बसेल, अशी त्यांची भीती होती.

ती भीती मला पटते आणि तरीही मी लोपेझ यांना लोभी ठरवू शकत नाही. या चित्रपटाचे सौंदर्य ज्यावर उभे आहे तो त्यांचा मवाळ आवाज, थांबून विचारलेला प्रश्न आणि मुलाच्या उत्तराची वाट पाहणे हे सगळे त्यांनी तीस-पस्तीस वर्षांत कमावलेले होते. दिग्दर्शकाने ते पाहिले, निवडले आणि जोडले. हीसुद्धा मोठी कला आहे. पण पाहणाऱ्याला कवी म्हणायचे आणि ज्याच्या जगण्यात ती कविता सापडली त्याने फक्त आपले काम केले असे म्हणायचे, यातली तेढ न्यायालयाच्या निकालाने मिटत नाही. ज्यांना असे चित्रपट करायचे आहेत, त्यांनी कॅमेरा उचलण्याच्या आधी हे प्रकरण नीट वाचावे, असे मला मनापासून वाटते.

हे कळल्यानंतर मी चित्रपटाचा शेवट पुन्हा पाहिला. वर्ष संपले आहे, उन्हाळ्याची सुट्टी लागली आहे. मुले एकेक करून निरोप घ्यायला येतात, शिक्षक वाकून प्रत्येकाच्या गालाचा मुका घेतात, मुले पळत बाहेर जातात. वर्ग पुन्हा सुरुवातीसारखाच रिकामा होतो. शिक्षक दाराशी थांबलेले आहेत, डोळे भरून येतात की काय असे वाटते, आणि त्यांच्या चेहऱ्यावरून कॅमेरा बराच वेळ हलत नाही. पहिल्यांदा हे पाहिले तेव्हा मी त्या चेहऱ्याकडे पाहत होतो. या वेळी त्यांच्यासमोर, चौकटीबाहेर, कॅमेरा घेऊन उभ्या असलेल्या माणसांचीही मला पूर्ण वेळ जाणीव होती.